पर्वकाळ : आकाशाचा की पंचांगाचा?

यवतमाळहून नागपूरकडे जाणाऱ्या मार्गावर, चक्रावती नदीच्या परिसरात श्रीक्षेत्र कळंब हे प्राचीन गणेशस्थान वसलेले आहे. कदंब हे त्याचे जुने नाव. गौतम ऋषींच्या शापाने व्याकूळ झालेल्या इंद्राने येथे श्रीचिंतामणीची आराधना केली व तो शापमुक्त झाला, अशी कथा सांगितली जाते. मंदिरात पायऱ्या उतरून जावे लागते. आत कुंड आहे. दर बारा वर्षांनी त्या कुंडातील जल वाढते आणि श्रींच्या चरणांना स्पर्श करते, अशी भाविकांची पिढ्यान्‌पिढ्यांची श्रद्धा आहे.

अशा श्रद्धेबरोबर एक प्रश्न आपोआप येतो. बारावे वर्ष उलटले आणि जल आले नाही, तर भाविकाने काय समजावे? आपल्या भक्तीत काही उणे राहिले असे, की मोजण्यातच काही चुकले असे? हा प्रश्न एका कुंडापुरता नाही. व्रत, उपवास, यात्रा, पेरणी, विवाह ही सारी कर्मे ठरावीक वेळी करावीत असे शास्त्र सांगते. ती वेळ आकाशाने दिलेली असते की माणसाने लिहून ठेवलेली, आणि दोहोंत अंतर पडले तर कोणाचे ऐकावे?

बारा हा अंक आपल्या परंपरेत मुख्यतः गुरू ग्रहामुळे आला. गुरू एका राशीत सुमारे एक वर्ष राहतो व बारा वर्षांनी पुन्हा त्याच राशीत येतो. त्यावरूनच नाशिक-त्र्यंबकेश्वरचा सिंहस्थ, नृसिंहवाडीचा कन्यागत आणि नद्यांचे पुष्कर पर्व ठरते. परंतु गुरूचा फेरा नेमका बारा वर्षांचा नाही. त्याला सुमारे ११.८६ वर्षे लागतात. प्रत्येक फेऱ्यात साधारण पन्नास दिवसांचे अंतर पडते आणि सात फेऱ्यांत ते जवळजवळ एक वर्ष होते. म्हणूनच हरिद्वारचा कुंभमेळा २०१० नंतर २०२२ मध्ये न भरता २०२१ मध्ये, म्हणजे अकराव्या वर्षी भरला. तेथे बाराचा आकडा बाजूला ठेवून गुरूच्या राशीप्रवेशाकडे पाहिले गेले. परंपरा मोडली, असे त्याबद्दल कोणी म्हणणार नाही. आकडा हा खुणेपुरता, पर्व ग्रहाचे, हे जुन्या लोकांना ठाऊकच होते. कुंडाच्या जलाचे तर ग्रहाइतकेही गणित नाही. पावसाचे मान, भूमीच्या पोटातील झरे यांवर ते अवलंबून. ते एखाद्या वर्षी लांबले म्हणून कोणाची श्रद्धा उणी ठरत नाही.

प्राचीन लोकांना आकाश पाहणे हा विरंगुळा नव्हता. चंद्राच्या बारा महिन्यांचे ३५४ दिवस होतात, ऋतूंचे वर्ष मात्र ३६५ दिवसांचे. दरवर्षीचे हे अकरा दिवस तसेच सोडले, तर काही वर्षांतच श्रावण उन्हाळ्यात येईल. वेदांगज्योतिषाने पाच वर्षांच्या युगात दोन अधिक मास घालून हा मेळ बसविला. ग्रीसमधील मेटन याने इ. स. पूर्व ४३२ मध्ये एकोणीस वर्षांत २३५ चांद्रमासांचा हिशेब मांडला. एकमेकांपासून दूर असलेल्या या समाजांनी एकच अडचण ओळखली होती. चंद्र आणि सूर्य एका दोरीत बांधले जात नाहीत, ती दोरी माणसालाच वारंवार सैल-घट्ट करावी लागते. आपला अधिक मास, ज्याला लोक धोंड्याचा महिना म्हणतात, तो या दुरुस्तीचाच महिना होय. हिशेबात उरलेले दिवस टाकून न देता ते दान, जप व स्नानासाठी राखून ठेवावेत, ही कल्पना ज्याला सुचली त्याच्या बुद्धीला आणि धर्मभावनेला सारखेच वंदन केले पाहिजे.

दुरुस्ती ही धर्मबाह्य गोष्ट नव्हे, याचे महाराष्ट्रातील मोठे उदाहरण म्हणजे कोकणातील नांदगावचे गणेश दैवज्ञ. त्यांचे पिता केशव दैवज्ञ यांनी ग्रह स्वतः पाहून जुन्या ग्रंथांतील गणिताशी ताडून पाहिले होते. पुत्राने शके १४४२ मध्ये ‘ग्रहलाघव’ हा ग्रंथ रचला आणि पुढे तिथी काढण्यासाठी ‘तिथिचिंतामणी’ तयार केला. चिंतामणीच्या दर्शनाला येणाऱ्या भाविकाला हे नाव आवडावे असेच आहे. एकोणिसाव्या शतकापर्यंत महाराष्ट्रातील पंचांगे मुख्यतः या दोन ग्रंथांवर चालत. पुढे तीही आकाशाशी जुळेनात, तेव्हा केरो लक्ष्मण छत्रे, व्यंकटेश बापूजी केतकर, लोकमान्य टिळक यांनी शुद्ध पंचांगाचा आग्रह धरला. त्यातून मतभेद झाले आणि काही वर्षी एकाच गावात सण वेगवेगळ्या महिन्यांत पडले, हेही खरे. परंतु जुना ग्रंथ पूज्य आहे म्हणून त्यातील चूकही पूज्य मानावी, असे या विद्वानांपैकी कोणी मानले नाही.

यवतमाळ जिल्ह्यात हा विषय केवळ पंडितांचा राहत नाही. सूर्य ७ किंवा ८ जूनला मृग नक्षत्रात जातो आणि कपाशीचा शेतकरी त्या दिवसाकडे डोळे लावून बसतो. संपातचलनामुळे हा प्रवेश ऋतूच्या मानाने दर सत्तर-बहात्तर वर्षांनी एक दिवस पुढे सरकतो. दीड हजार वर्षांपूर्वी तो सुमारे तीन आठवडे आधी होत असे. म्हणजे मृग आणि पाऊस यांची सांगड कायमची नाही. एखाद्या वर्षी मृग कोरडा जातो, धूळपेरणी केलेले बियाणे जमिनीतच करपते आणि दुबार पेरणीसाठी पुन्हा कर्ज काढावे लागते. अशा वेळी नक्षत्राला दोष देणे सोपे असते, शेतकऱ्यालाच दोष देणे त्याहून सोपे आणि अधिक अन्यायाचे. पूर्वजांनी नक्षत्रांची यादी दिली, तिच्याबरोबर वारा, मुंग्या, चंद्राभोवतीचे खळे पाहण्याची सवयही दिली होती. यादी तेवढी कागदावर उतरली आणि सवय मागे पडली.

ती सवय ज्यांनी जपली, त्यांत या भागातील गोंड व कोलाम समाजाचा उल्लेख आवर्जून केला पाहिजे. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे मयंक वाहिया आणि त्यांचे सहकारी गणेश हलकारे यांनी विदर्भातील गोंडांच्या आकाशज्ञानाचा अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध केला. आपण ज्यांना सप्तर्षी म्हणतो, त्यांतील चार तारे म्हणजे म्हातारीची खाट आणि मागचे तीन तारे म्हणजे ती चोरू पाहणारे तीन चोर, असे गोंड मानतात. मृगाच्या ताऱ्यांत त्यांना नांगर दिसतो. लिहिलेले पंचांग नसतानाही ऋतू ओळखता येत होते. ज्याला आकाशात नांगर दिसतो, त्याचे लक्ष नेमके कशाकडे होते हे वेगळे सांगावे लागत नाही.

गणेशभक्तांच्या व्रतांत आकाशाशी असलेला हा थेट संबंध आजही शिल्लक आहे. संकष्टी चतुर्थीचा उपवास चंद्रोदयानंतरच सुटतो. येथे भाविकाने एक गोष्ट ध्यानात ठेवावी. मुंबईसाठी छापलेल्या दिनदर्शिकेतील चंद्रोदयाची वेळ या भागाला तशीच लागू पडत नाही. यवतमाळ मुंबईच्या पूर्वेस सुमारे पाच अंश असल्याने येथे चंद्र साधारण वीस मिनिटे आधी उगवतो. पावसाळ्यात ढगांमुळे तो दिसतही नाही. तेव्हा गणिताने आलेली स्थानिक वेळ प्रमाण मानून अर्घ्य द्यावे, अशी रूढी आहे आणि ती योग्यच आहे. तरीही श्रावण-भाद्रपदातील संकष्टीला वेळ होऊन गेल्यावर, नैवेद्याचे ताट झाकून ठेवून, ढग थोडा फाटेल म्हणून अंगणात उभी राहणारी वृद्ध माणसे अजून आढळतात. घरातील मुले तोवर जेवून घेतात.