अश्वत्थाम्याचा चेहरा

नरकचतुर्दशीच्या पहाटे अंगाला तेल लावायला पाटावर बसलो, की आजी आधी बोट तेलात बुडवून जमिनीवर टिपके द्यायला लावी. पहिला टिपका अश्वत्थाम्याचा. कपाळावरची जखम घेऊन तो दारोदार तेल मागत फिरतो. आज तरी त्याला थेंबभर मिळावे, एवढाच त्यातला भाव. तो दिसतो कसा, असे मी एकदा विचारले. ती म्हणाली, "तुला दिसंल तसा." मग मला तो दर दिवाळीला निराळा दिसे. एका वर्षी काळेश्वराच्या पायऱ्यांवर बसणाऱ्या भिकाऱ्यासारखा, एका वर्षी वेडसर झालेल्या माझ्या चुलत्यासारखा.

हे आठवायचे कारण अमृता पाटील यांचे 'सौप्तिक'. गोव्यात वाढलेल्या आणि तिथल्याच कला महाविद्यालयात शिकलेल्या या लेखिकेने 2016 साली महाभारताची उत्तरकथा शब्द आणि चित्रे एकत्र करून सांगितली, आणि सांगणारा नेमला तो अश्वत्थामा. पुस्तक इंग्रजीत आहे. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला, विष्णुपुरीच्या शाळेत मराठीचे आणि चित्रकलेचे तास घेणारा मास्तर. शब्दकोश मांडीवर घेऊन वाचले. पण पहिल्या बैठकीत मला राग आला तो इंग्रजीचा नव्हे. माझा अश्वत्थामा गेला होता. इतकी वर्षे ज्याला मी हवा तो चेहरा देत आलो, त्याला या बाईंनी एक चेहरा देऊन टाकला होता. जे सगळ्यांचे आहे त्याला आपला एकट्याचा चेहरा देण्याचा अधिकार लेखकाला कुणी दिला?

कुणी म्हणेल, कादंबरीकारही तेच करतो. मीही दोन-तीन कादंबऱ्यांतून माणसांना नाके-डोळे दिले आहेत. पण शब्दातले नाक वाचकाला हवे तसे वाकवता येते. मी 'धारदार' लिहितो, वाचक आपल्या मामाचे नाक लावतो आणि पुढे जातो. चित्रकार ही मोकळीक देत नाही. कथेच्या वरच्या कोपऱ्यात नायिकेचे चित्र छापलेले असले, की मी ते तळहाताने झाकून वाचत असे. वाईट खोड, पण होती.

तरी आपल्याकडे चित्र दाखवून कथा सांगणे नवे नाही. बाराव्या शतकातल्या 'मानसोल्लासा'त चित्रकथकाचा उल्लेख आहे. तो ग्रंथ लिहिणारा राजा सोमेश्वर कल्याणीचा, म्हणजे आजच्या बसवकल्याणचा, लातूरच्या सीमेपलीकडचा. चित्रकथींच्या पोथ्यांतली चित्रे आमच्याच गोदावरीच्या काठी, वर पैठणला सापडली. कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाने ही कला अजून जिवंत ठेवली आहे; तिथल्या परशुराम गंगावणे यांना 2021 साली पद्मश्री मिळाली. पण चित्रकथी चित्र वर धरतो, गातो, आणि प्रसंग सरला की ते बाजूला ठेवतो. शिवाय त्या चित्रांतले वीर बहुतेक एकाच साच्याचे, मोठ्या डोळ्यांचे. हा अर्जुन की कर्ण हे गाणे सांगते. म्हणजे चेहरा तिथेही ऐकणाऱ्याच्याच हाती राहतो. पुस्तकातले चित्र मात्र हलत नाही.

एवढ्यावर लेख संपवणार होतो. पण पाटील यांचे पहिले पुस्तक, 2008 सालचे 'कारी', हाती आले आणि माझा सिद्धांत डळमळला. दोन मुली इमारतींवरून उड्या टाकतात. एक जाळ्यात पडून वाचते. दुसरी, कारी, गटारात पडून वाचते, आणि मग रात्री त्या गटारातून होडी वल्हवत शहर पाहते. पुस्तक जवळजवळ सगळे काळे-पांढरे, मधूनच रंग. हे स्वप्न की सत्य, ते कुठे सांगितलेले नाही. हेच वाक्य नुसत्या शब्दांत आले असते तर मी काय केले असते? "रूपक आहे" असे म्हणून पान उलटले असते. मराठीच्या मास्तराला रूपक ही मोठी सोयीची वस्तू आहे. चित्रात होडी ही होडी असते, गटार हे गटार असते. पळायला वाट राहत नाही.

आणि इथे मला माझी एक लाज सांगितली पाहिजे. काही वर्षांपूर्वी 'माझे वडील' या निबंधाच्या वहीत एका मुलाने अर्धे पान चित्र काढले. दारात उभा असलेला माणूस, आणि धडावर डोक्याच्या जागी उसाची मोळी. बाप दसरा झाला की टोळीबरोबर ऊसतोडीला जाई, तो उन्हाळ्यातच परत येई. मी त्यावर लाल रेघ ओढली. "निबंधात चित्र चालत नाही, शब्दांत लिही." त्याने लिहून आणले : माझे वडील ऊसतोडीला जातात, ते फार कष्ट करतात, मला ते फार आवडतात. मी दहापैकी सात गुण दिले आणि समाधानाने वही मिटली. त्या तीन वाक्यांनी माझी झोप मोडली नव्हती, कारण ती मोडू नये अशीच वाक्ये मी वर्षानुवर्षे मुलांना शिकवत आलो होतो. मात्र चित्र डोळ्यांपुढून जाईना. आठवड्याने मी विचारले, "तोंड का नाही काढलंस?" तो म्हणाला, "काढाया बसलो सर, आठवंनाच."

चेहरा लादू नये, तो वाचकासाठी मोकळा ठेवावा, असे मी वर मोठ्या तोऱ्यात लिहिले. त्या पोराने तो मोकळा ठेवला नव्हता; त्याच्याजवळ तो नव्हताच. या दोन मोकळेपणांत फरक आहे, आणि तो मला 'सौप्तिक' दुसऱ्यांदा वाचताना जाणवला. ज्याच्याकडे कुणाला बघायचे नाही, त्याला चेहरा देणे ही चोरी कशी होईल? पण मग आजीचे काय? तिने चेहरा दिला नाही, आणि तरी दर वर्षी थेंब सांडायला लावला. तीही चुकली असे म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

माझ्या नव्या कादंबरीच्या हस्तलिखितात मी काढलेली अकरा चित्रे आहेत. ठेवायची की काढायची, असे प्रकाशकाने विचारले आहे. दहा काढून टाकायला मी तयार आहे. अकराव्यातल्या माणसाच्या खांद्यावर उसाची मोळी आहे, आणि ते चित्र मुळात माझे नाही. तो मुलगा आता कुठे असतो, याची मी चौकशी चालवली आहे. त्याला विचारल्यावाचून प्रकाशकाला उत्तर पाठवायचे नाही, एवढे ठरले आहे.