घडा नाही, हे कसे कळते?

न्यायशास्त्राची तोंडओळख करून घेणाऱ्याला एक रिकामी जमीन लवकरच भेटते. तिच्यावर घडा नाही, एवढीच तिची ख्याती. हजार वर्षांहून अधिक काळ पंडितांनी त्या नसलेल्या घड्यावरून वाद घातला आहे. जमीन डोळ्यांना दिसते हे ठीक. पण ‘इथे घडा नाही’ हे कशाने कळते? नैयायिक म्हणतात, तेही डोळ्यांनीच. कुमारिल भट्टांच्या परंपरेतले मीमांसक आणि अद्वैती म्हणतात, जे नाहीच त्याच्याशी डोळ्यांचा संबंध येणार कसा; त्यासाठी ‘अनुपलब्धी’ हे स्वतंत्र प्रमाणच मानले पाहिजे. हा वाद इथे मिटवायचा नाही. कामाचा आहे तो दोन्ही पक्षांना मान्य असलेला मुद्दा : घडा म्हणजे काय हेच ज्याला ठाऊक नाही, त्याला घड्याचा अभाव कळणे शक्य नाही. ज्याचा अभाव असतो त्याला शास्त्रात ‘प्रतियोगी’ म्हणतात आणि तो अभाव जिथे असतो त्या जागेला ‘अधिकरण’. दोन्हींची ओळख हवी. घरच्या बाईने फडताळ उघडले की लोणच्याची बरणी जागेवर नाही हे तिला त्या क्षणी कळते; पाहुण्याने तेच फडताळ उघडले तर त्याला नुसते फडताळ दिसते. डोळे पाहुण्याचेही तितकेच चांगले असतात.

परक्या शहरात गेलेला माणूस हा असा पाहुणा असतो. अमेरिकेतल्या शिकागोसारख्या शहरात त्याच्यासाठी वाटाड्यासोबतच्या सायकलफेऱ्या निघतात. दहा-बारा जण, भाड्याच्या सायकली, डोक्यावर हेल्मेट आणि सगळ्यांच्या पुढे शहराचा एखादा जाणकार. मिशिगन सरोवराच्या काठाने सुमारे तीस किलोमीटरचा मार्ग आहे. बराचसा उद्यानांतूनच जातो, चढउतार नावालाच. वाटाड्या कुठेतरी हात वर करतो, सगळे ब्रेक दाबून एक पाय जमिनीला टेकवतात, तो पाच मिनिटे बोलतो आणि पुन्हा पायडल मारायला सुरुवात होते. सुटीतली करमणूक म्हणून हे सोडून देता येईल. पण डोळे आपले, पाय आपले, रस्ता सपाट, तर मध्ये दुसऱ्याचा शब्द कशाला, हा प्रश्न करमणुकीचा नाही. प्रत्यक्ष आणि शब्द या दोन प्रमाणांच्या नात्याचाच तो प्रश्न आहे. माझे म्हणणे असे की, शहराचे सत्य मोठ्या प्रमाणात अभावांत असते, आणि उद्यानांत तर विशेष असते, कारण उद्यान म्हणजे काहीतरी हलवून, पाडून किंवा अडवून राखलेली मोकळी जागा. तो अभाव दिसायला सांगणाऱ्याचा शब्द लागतो, आणि तो शब्द त्याच जागेवर उभे राहून ऐकावा लागतो.

शहराच्या उत्तर भागातले लिंकन पार्क घ्या. हिरवळ, तळी, प्राणिसंग्रहालय, धावणारी माणसे. त्याच्या दक्षिण टोकाला इतिहास-संग्रहालयाच्या मागे, लोखंडी कुंपणात, चुनखडीच्या दगडांची एक बुटकी वास्तू आहे आणि तिच्यावर ‘काउच’ असे आडनाव कोरलेले आहे. एकट्या सायकलस्वाराला ती एखाद्या धनिकाची हौस वाटेल, आणि ते चूकही नाही. आयरा काउच या हॉटेलमालकाचे हे थडगे १८५८ चे. पण या जागेची खरी गोष्ट थडगे आहे ही नसून बाकीची नाहीत ही आहे. इथे शहराचे कब्रस्तान होते. जमीन सरोवरालगतची, वाळूची. शहर पिण्याचे पाणी त्याच सरोवरातून घेई. पटकीच्या साथी येत. मृतांमुळे पाणी नासते असे डॉक्टरांनी लावून धरले, दफने थांबली आणि प्रेते उकरून दुसरीकडे नेण्यात आली. १८६५ मध्ये राष्ट्राध्यक्षांचा खून झाला तेव्हा इथल्या नव्या उद्यानाला त्यांचे नाव मिळाले. सगळी प्रेते मात्र हलली नाहीत. १९९८ मध्ये संग्रहालयाच्या वाहनतळाचे काम चालू असताना मानवी अवशेष सापडले. हा झाला शास्त्रातला प्रध्वंसाभाव, म्हणजे वस्तू होऊन गेल्यानंतरचा अभाव. प्रतियोगी माहीत झाला की तीच हिरवळ वेगळी दिसू लागते. गवत बदललेले नसते. पाहुण्याला आता बरणी कुठे असायची ते कळलेले असते.

तिथून दक्षिणेला ग्रँट पार्क लागते. एका बाजूला आकाशाला भिडलेल्या इमारतींची रांग, दुसऱ्या बाजूला सरोवर आणि मधे विस्तीर्ण मोकळे मैदान. जगातल्या महागड्या जमिनींपैकी एक अशी ही जागा रिकामी कशी राहिली? १८३६ च्या नकाशावर कालव्याच्या आयुक्तांनी इथल्या किनारपट्टीवर लिहून ठेवले होते की ही जमीन सर्वांची, इथे कधीही इमारत होऊ नये. पुढे १८७१ च्या आगीतला राडारोडा भरावात गेला आणि जमीन वाढत गेली, तशी ती बांधकामाने भरून टाकायची घाईही वाढली. टपालाने माल विकणारा व्यापारी माँटगोमेरी वॉर्ड १८९० पासून वीस वर्षे त्या एका ओळीच्या आधारावर कोर्टात भांडत राहिला आणि जिंकला. नैयायिकांनी अभावाचे चार प्रकार सांगितले, त्यांत हा कुठे बसवावा असा प्रश्न पडेल : हा राखलेला अभाव आहे. या नियमाला आर्ट इन्स्टिट्यूटच्या इमारतीचा अपवाद झाला, आणि भारतातून येणारे पुष्कळ जण पाहायला येतात ती नेमकी तीच. ३१ मे १८९३ रोजी मुंबईहून निघालेले स्वामी विवेकानंद ११ सप्टेंबरला सर्वधर्मपरिषदेत बोलले ते या वास्तूत. पण ज्या सभागृहात बोलले ते तात्पुरते उभारलेले होते. आता ते नाही. मुंबईचे चित्रकार जितीश कल्लाट यांनी २०१० मध्ये त्या भाषणाचे शब्द तिथल्या मोठ्या जिन्याच्या पायऱ्यांवर दिव्यांनी उमटवले होते, अमेरिकेतल्या दहशतवादी धोक्याच्या इशाऱ्यांसाठी ठरलेल्या पाच रंगांत. वर्षभराने तेही काढले गेले. सभागृह शोधत येणाऱ्याला जिना दिसतो. काय शोधायचे ते ठाऊक असलेल्याला जिन्यावर दोन अभाव दिसतात.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे. हे सगळे पुस्तकात आहे. घरी बसून वाचले तर शब्दप्रमाण तेच, मग सायकलवर घाम कशाला गाळायचा? उत्तर अधिकरणात आहे. ‘घडा नाही’ हे वाक्य अपुरे आहे, ‘इथे घडा नाही’ हे पुरे. पुस्तकातून प्रतियोगी कळतो, ‘इथे’ कळत नाही. आपल्याकडे महानुभावांनी हे फार लवकर ओळखले. चक्रधरांच्या लीळा लिहून ठेवल्या, तरी तेवढ्यावर न थांबता स्वामी कुठे बसले, कुठे निजले, कोणत्या देवळाच्या कोणत्या अंगाला, हे दिशांसकट नोंदवणारी ‘स्थानपोथी’ही त्यांनी केली. त्या जागांवर ओटे बांधले. ओट्यावर स्वामी नाहीत हे वंदन करणाऱ्याला पुरते ठाऊक असते, आणि तरी तो तिथवर जातो. सायकलचे काम इथे सुरू होते. काउचच्या थडग्यापासून आपण पुढे जिथे जाणार आहोत तो किनारा अंदाजे आठ किलोमीटरवर आहे. चालत गेले तर दोन तास जातात आणि पहिली जागा मनातून पुसट होते. काच लावलेल्या बसमधून गेले तर दोन्ही जागा चित्रांसारख्या सरकतात. सायकलवर अर्ध्या-पाऊण तासात, सरोवराचा वारा अंगावर घेत, एकाच जमिनीवरून आपण गेलो हे पोटऱ्यांना कळते. सगळी अधिकरणे एका धाग्यात येतात.

दुसरा आक्षेप जास्त टोकदार आहे. वाटाड्या पैसे घेतो, मोजकेच दाखवतो, रंगवून सांगतो. त्याचा शब्द प्रमाण कसा? शिकागोच्या आगीचीच गोष्ट पाहा. ऑक्टोबर १८७१ मध्ये डी कोव्हेन स्ट्रीटवरच्या ओलिअरी बाईच्या गायीने कंदिलाला लाथ मारली आणि शहर जळाले, सुमारे तीनशे माणसे मेली, लाखभर बेघर झाली, असे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले गेले. आग त्या गोठ्याच्या परिसरात सुरू झाली हे खरे; गायीचा पुरावा कधीच नव्हता. बाई आयर्लंडहून आलेली, कॅथलिक, गरीब. दोष द्यायला सोयीची. १९९७ मध्ये शहराच्या नगरसभेने तिला आणि गायीला औपचारिकपणे निर्दोष ठरवले, तेव्हा बाई जाऊन शंभरेक वर्षे होऊन गेली होती. आज त्या जागेवर अग्निशमन दलाची प्रशिक्षणशाळा आहे. म्हणजे वाटाड्याचा शब्द नसलेला घडाही दाखवू शकतो, हे मान्यच केले पाहिजे. पण म्हणून शब्दप्रमाण टाकून देता येत नाही. ती गोष्ट खोटी आहे हेही आपल्याला कोणाच्या तरी शब्दावरूनच कळले. न्यायभाष्यकार वात्स्यायनांनी ‘आप्त’ कोणाला म्हणावे याची कसोटी दिली आहे : ज्याने वस्तू नीट जाणली आहे आणि जशी जाणली तशी सांगायची ज्याची इच्छा आहे, तो आप्त. ऋषी, आर्य, म्लेच्छ या सगळ्यांना ही कसोटी सारखीच लागू, असेही ते म्हणतात. तिच्यात बिदागी घेऊ नये अशी अट नाही. म्हणून वाटाड्याने पैसे घेतले की नाही हे पाहू नये; गायीपाशी येऊन तो काय सांगतो हे पाहावे.

तिसरा आक्षेप स्वातंत्र्याचा. हुंदडत जावे, हरवावे, स्वतःचे शहर स्वतः शोधावे. दुसऱ्याच्या मागे रांगेत पायडल मारणे म्हणजे डोळ्यांना वेसण. या म्हणण्यात रस आहे आणि थोडे सत्यही आहे. एकटा भटकणारा जे आहे ते पुष्कळ पाहतो, कित्येकदा वाटाड्यापेक्षा अधिक. पिल्सन या वस्तीतली भिंतीवरची रंगीत चित्रे त्याला कोणी दाखवावी लागत नाहीत. तिथे आज मेक्सिकन बेकऱ्या असताना वस्तीचे नाव बोहेमियातल्या शहराचे का, हे मात्र त्याला भिंत सांगत नाही. ते नाव देणारे चेक लोक निघून गेले आहेत. स्वातंत्र्याने भावपदार्थ वाढतात. अभावांसाठी कोणाचे तरी ऋण काढावेच लागते.

आता तो किनारा. २७ जुलै १९१९, रविवार, उकाडा. एकोणतिसाव्या रस्त्याजवळचा किनारा गोऱ्यांचा समजला जाई, त्याच्या थोडे उत्तरेचा काळ्यांचा. कायद्यात अशी वाटणी नव्हती, पाण्यात दोर नव्हता, पाटी नव्हती. यूजीन विल्यम्स हा सतरा वर्षांचा काळा मुलगा मित्रांबरोबर तराफ्यावर होता. तराफा वाहत दक्षिणेला गेला. एका गोऱ्या माणसाने काठावरून दगड मारले, मुलगा बुडाला. पोलिसाने त्या माणसाला धरायचे नाकारले. आठवडाभर दंगल चालली. ३८ माणसे मेली, २३ काळी, १५ गोरी. नंतर भराव घालून किनाराच पुढे सरकवण्यात आला. या दंगलीच्या स्मरणार्थ आज शिकागोत सायकलफेरी निघते, आणि माणसे जिथे मारली गेली तिथल्या पदपथांत काचेच्या खुणा बसवायला सुरुवात झाली आहे. दुसऱ्यांच्या दुःखाची ही सहल नव्हे का, असे कोणी विचारील. सांगणारा कोण आणि ऐकणारा किती काळ एक पाय टेकवून थांबतो, यावर ते ठरेल. काचेमागे बसलेल्या प्रवाशाला वस्तीतले कोणी पाहत नाही. सायकलस्वाराला वस्ती पाहत असते, आणि तो कसा वागतो तेही तिला दिसते.

या जागी मात्र माझ्या युक्तिवादालाच एक गाठ बसते, आणि ती सोडवल्याशिवाय पुढे जाता येत नाही. अनुपलब्धीला शास्त्रकारांनी एक अट घातली आहे : वस्तू दिसण्याजोगी असेल तरच तिचे न दिसणे हा अभावाचा पुरावा. घडा असता तर दिसला असता, म्हणून तो नाही. पिशाच दिसत नाही, एवढ्यावरून ते नाही असे म्हणता येत नाही, कारण ते असले तरी दिसले नसते. एकोणतिसाव्या रस्त्याची रेघ या दुसऱ्या जातीची होती. १९१९ च्या त्या दिवशी परक्या पाहुण्याने पाहिले असते तर त्याला फक्त पाणी दिसले असते. आजही फक्त पाणी आणि गवत दिसते. सायकल त्या जागेवरून जाते तेव्हा पायडल जड होत नाही, पण तेव्हाचा तराफाही अडखळला नव्हता. थडगी गेली हे डोळ्यांना पटवता येते; रेघ गेली हे नाही. वाटाड्या ती कुठे होती तेवढे सांगू शकतो. ‘इथे आता रेघ नाही’ हे वाक्य मात्र फेरीतल्या कोणालाही आपल्या डोळ्यांच्या भरवशावर म्हणता येणार नाही. त्यासाठी सायकल उभी करून, ज्याला ती कधीकाळी लागली असती, अशा तिथेच राहणाऱ्या माणसाला विचारावे लागेल.