बारमधलं नाव
'तिच्यासारखी पुन्हा झाली नाही.' पनवेल-कोन पट्ट्यातल्या जुन्या डान्सबारचा विषय निघाला की हे कोणीतरी म्हणतंच. मागोमाग एक नाव येतं. ते बहुधा तिचं नसतंच, बारमध्ये शिरताना घेतलेलं असतं.

२००५च्या मार्चअखेर पनवेलचे आमदार विवेक पाटील यांनी विधानसभेत लक्षवेधी मांडली आणि उत्तर देताना तेव्हाचे गृहमंत्री आर. आर. पाटलांनी डान्सबारवर बंदी जाहीर केली. १५ ऑगस्टपासून नाच थांबला. हजारो मुली पांगल्या. मागे उरली ती पाहणाऱ्यांची हुरहुर.

जपानमध्ये प्रौढांच्या चित्रपटांतल्या अशाच कितीतरी जणी टोपणनावाने थोडं काम करून नाहीशा झाल्या. फारशा कोणाला ठाऊक नसलेल्या अशा एखादीचा छंद काही चाहते वर्षानुवर्षं जपतात. ती कुठे असेल, लग्न झालं असेल का, हे शोधत राहतात. नजर खिळवून ठेवणं हे तिचं कसब होतं, त्याची मजुरी ठरलेली होती. चाहत्याला मात्र ते हसू आपल्या एकट्यासाठी होतं असं वाटत राहतं, आणि ती सापडत नाही म्हणून ओढ वाढत जाते. या ओढीचा मला राग नाही. पण माग काढणं सुरू झालं की भीती वाटते.

जपानने जून २०२२मध्ये अशा चित्रपटांतल्या कलाकारांसाठी कायदा केला. करारानंतर महिनाभर चित्रीकरण करायचं नाही, चित्रीकरणानंतर चार महिने काही प्रसिद्ध करायचं नाही. प्रसिद्धीनंतरही वर्षभर ती कारण न देता करार मोडू शकते, विक्री थांबवायला लावू शकते. व्हिडिओ कॅसेटच्या काळातल्या बायकांना तेव्हा असं काही मिळालं नव्हतं.

आपल्याकडे डान्सबारसाठी केलेल्या २०१६च्या कायद्याखालच्या नियमांनी बारमध्ये सीसीटीव्ही सक्तीचे केले होते. जानेवारी २०१९मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही सक्ती खासगीपणाच्या हक्काविरुद्ध ठरवून रद्द केली. नोटा उधळण्यावरची बंदी मात्र कायम राहिली. चर्चा रंगली ती नोटांची. मला कॅमेऱ्याचा निर्णय फार मोलाचा वाटतो, कारण नाचणाऱ्या बाईला उद्या दुसरं आयुष्य असेल हे त्यात कोणीतरी गृहीत धरलं.

कामोठे-कळंबोलीत आज चाळिशी-पन्नाशीच्या अशा बायका असतील, ज्यांच्या मुलांना ते जुनं नाव माहीतही नाही. सांगायचं झालं तर त्या स्वतः सांगतील.