पडीक जमीन आणि विस्ताराची सबब

संपादित करून पडीक ठेवलेल्या जमिनीबद्दल विचारले की 'भविष्यातील विस्तारासाठी जमीन राखून ठेवावी लागते' हे ठरावीक उत्तर पुढे येते आणि ते ऐकून संताप यावा, अशीच परिस्थिती आहे. जमीन घेताना शासनाने 'सार्वजनिक प्रयोजन' सांगितलेले असते, म्हणजे ज्या लोकोपयोगी कामासाठी मालकाच्या संमतीविनाही जमीन घेता येते ते काम कागदावर लिहून दिलेले असते, आणि त्या कामावाचून भूसंपादनाला कोणताही नैतिक आधार उरत नाही. भविष्य हे असे प्रयोजन नव्हे. कोणता प्रकल्प, कोणत्या गटांवर, कोणत्या वर्षी आणि कोणत्या तरतुदीतून, या चार प्रश्नांना उत्तर नसेल तर तो विस्तार नसून ताबा न सोडण्याची इच्छा आहे. जे भविष्य आजोबांना सांगितले तेच वडिलांना सांगितले गेले आणि तेच आता नातवाला सांगितले जाते. दरम्यान त्या घरात वाटण्या झाल्या, उरलेल्या तुकड्यावर पोट भरेना म्हणून कोणी पुण्याला गेले, कोणी ऊसतोडीला. भविष्य त्या कुटुंबालाही होते, आणि ते राखून ठेवण्याची तजवीज कोणत्याही खात्याने केली नाही. मुदत न सांगता 'पुढे कधीतरी फेडीन' म्हणणाऱ्या शेतकऱ्याला बँक दारात उभे करत नाही. शासनाने मात्र मुदतीशिवायचे वचन हाच हक्क मानला आहे.

यातील खोटेपणा उघड करण्यासाठी समितीची गरज नाही, सातबारा पुरेसा आहे. गाव नमुना सातमध्ये मालकी व हक्कांची आणि गाव नमुना बारामध्ये पिकांची नोंद असते. ही दुसरी नोंद म्हणजेच पीकपाहणी. 15 ऑगस्ट 2021 पासून राज्यभर ई-पीक पाहणी लागू झाली आणि शेतकऱ्याने स्वतः बांधावर उभे राहून मोबाइलवरून पीक नोंदवावे, अशी अपेक्षा ठेवली गेली. एक एकरवाल्याकडून हंगामागणिक हिशेब मागणाऱ्या शासनाने स्वतःच्या संपादित क्षेत्राचाही तसाच हिशेब गावाच्या चावडीवर लावावा. काळ्या कसदार रानात वेडी बाभूळ आणि गाजरगवत वर्षानुवर्षे माजत असेल, तर बारा नंबरच्या रकान्यात 'पड' एवढीच प्रामाणिक नोंद होऊ शकते.

परभणीत हा प्रश्न कृषी विद्यापीठाच्या जमिनींमुळे विशेष टोचतो. लोकांच्या मागणीतून 18 मे 1972 रोजी मराठवाडा कृषी विद्यापीठ स्थापन झाले आणि परिसरातील शेतकऱ्यांच्या जमिनी त्यासाठी गेल्या. ते प्रयोजन खरे होते, तेथे झालेल्या संशोधनाचा उपयोग मराठवाड्यातील शेतकऱ्यांना झाला, हे नाकारणे कृतघ्नपणाचे ठरेल. परंतु मोठे क्षेत्र दीर्घकाळ पडीक राहिले आणि वारसदार नोकरी द्या, नाहीतर जमीन द्या, असे म्हणत राहिले. अलीकडे त्यातील बरेच क्षेत्र बीजोत्पादनाखाली, म्हणजे शेतकऱ्यांना देण्याच्या बियाण्याच्या लागवडीखाली आणले गेले. ते योग्यच झाले. जे प्रत्यक्ष पिकते त्याबद्दल तक्रार असू नये, आणि त्याच न्यायाने जे अजूनही पिकत नाही त्याबद्दल गप्प बसता येणार नाही.

1 जानेवारी 2014 पासून लागू झालेल्या भूसंपादन कायद्याचे कलम 101 सांगते की ताबा घेतल्यापासून पाच वर्षे न वापरलेली जमीन मूळ मालकाला, त्याच्या वारसांना किंवा शासनाच्या भूमी बँकेला, अर्थात शासकीय जमिनींच्या साठ्याला, परत जावी. वारस आणि भूमी बँक यांना एका ओळीत बसवून कायद्याने अर्धा न्याय केला, आणि हे कलम याच कायद्याखाली घेतलेल्या जमिनींपुरते असल्यामुळे 1894 च्या जुन्या कायद्याने गेलेली जमीन त्याच्या बाहेर राहते. डिसेंबर 2014 च्या अध्यादेशाने ही पाच वर्षांची मर्यादाही सैल केली होती. विरोधामुळे तो अध्यादेश 2015 मध्ये व्यपगत झाला, म्हणजे मुदत संपून आपोआप रद्द ठरला.

जमीन परत करता येते, याचा दाखला महाराष्ट्रातच आहे. साखर कारखान्यांना खंडाने, म्हणजे ठरावीक भाड्याने, दिलेल्या शेतकऱ्यांच्या जमिनी 1961 च्या कमाल जमीन धारणा कायद्यामुळे 1963 मध्ये स्थापन झालेल्या शेती महामंडळाकडे गेल्या, आणि दीर्घ लढ्यानंतर 2012 मध्ये खंडकऱ्यांना, म्हणजे खंडाने जमीन देणाऱ्या त्या मूळ शेतकऱ्यांना, त्यांचे वाटप सुरू झाले. त्या अवधीत मूळ खंडकऱ्यांची पिढी संपत आली, हा भाग विसरता येण्यासारखा नाही. मोबदला दिला होता, ही सबबही फार टिकत नाही, कारण 31 ऑगस्ट 2016 रोजी सर्वोच्च न्यायालयाने पश्चिम बंगालमधील सिंगूरची सुमारे 997 एकर जमीन शेतकऱ्यांना परत देण्याचा आदेश देताना, ते दहा वर्षे उपजीविकेला मुकले म्हणून मोबदला परत मागू नये, असेही सांगितले. तेथे मुळातले संपादनच बेकायदा ठरले होते, हे खरे, पण हरवलेल्या वर्षांची किंमत न्यायालयाने मोजली, हे महत्त्वाचे. वारस फार झाले, ही सबब तर वारसांच्या नोंदी असलेली फेरफार नोंदवही उघडली की संपते.

बांधकाम झालेली जमीन परत मिळणार नाही आणि 1972 सालच्या व्यवहाराला आजचा कायदा पुरेपूर लावता येणार नाही, हे मान्य करावेच लागेल. म्हणून निदान एवढे तरी व्हावे की, येत्या मृगापूर्वी पडीक गटांची यादी जाहीर करून ती क्षेत्रे मूळ मालकांच्या वारसांना कराराने कसायला द्यावीत, कारण मालकीचा वाद चालू असतानाही पेरणी होऊ शकते; आणि ज्या यंत्रणेला एवढेही जमणार नाही, तिने विस्ताराचे नाव काढू नये.