दिवाण आणि दिवाणी

"जरा ठाण्याला जाऊन येतो," असं म्हणून मी चपला घातल्या, तेव्हा हिने पिशवी हातात दिली आणि येताना राम मारुती रोडवरून अस्तराचं कापड आणायला सांगितलं. डोंबिवलीकराची हीच पंचाईत. 'ठाणं' म्हटलं की बायकोला खरेदी आठवते. मी निघालो होतो पोलीस ठाण्यात, तेही फिर्यादी म्हणून!

घडलं ते असं. हॉलमध्ये दिवाण हवा म्हणून कल्याणच्या एका सुताराला आम्ही दहा हजार रुपये आगाऊ दिले. "गणपतीच्या आत दिवाण तुमच्या घरात," असं तो म्हणाला. गणपती आले, गेले. दिवाळीचे पाहुणे सतरंजीवर बसून चिवडा खाऊन गेले. सुतार फोन उचलेना.

"सरळ चारसोबीस ठोका!" शेजारच्या रिटायर्ड हेडक्लार्कांनी फर्मावलं. "दिवाणी दावा लावाल तर निकाल तुमच्या नातवाच्या हातात पडेल."

आता 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता आली आणि फसवणुकीचं ते 420 कलम 318 (4) झालं. पण राज कपूरने 1955 साली 'श्री 420' काढून तो आकडा असा पक्का केला आहे, की आज कुणाला 'तीनशेअठरा आहेस लेका' म्हटलं तर तो बसचा नंबर समजून रांगेत उभा राहील. शिक्षा मात्र तेवढीच. सात वर्षांपर्यंत.

हवालदारांनी शांतपणे ऐकून घेतलं. "दिवाण मिळाला नाही ना? मग हे दिवाणी."

मला वाटलं, कोटी करताहेत. पण ते गंभीर होते. "साहेब, पैसे घेतानाच त्याला दिवाण द्यायचा नव्हता, की द्यायचा होता आणि जमलं नाही? पहिलं असेल तर गुन्हा. दुसरं असेल तर कोर्टात जा."

सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली हेच सांगितलं आहे. फसवायचा हेतू वचन देतानाच हवा. पुढे वचन मोडलं, एवढ्याने माणूस गुन्हेगार होत नाही. 2006 साली त्याच न्यायालयाने दिवाणी भांडणांना फौजदारी कपडे चढवण्याच्या वाढत्या सवयीबद्दल चिंताही व्यक्त केली. आमच्या डोंबिवलीत 65 इमारतींचं प्रकरण गाजलं. तिथे पालिकेच्या बनावट परवानग्या दाखवून रेराची नोंदणी मिळवली होती. म्हणजे इमारतीच्या आधी खोटेपणाचा पाया! तो गुन्हाच. माझ्या सुताराने कुठे खोटा कागद दाखवला? त्याने तर कागदच दिला नव्हता!

घरी येताना मनाशी कबूल केलं, की मला न्याय नकोच होता. मला वसुली हवी होती, तीही सरकारी खर्चाने. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, म्हणून मी पोलिसांची चढलो. कोर्टात उशीर होतो हे खरं. पण त्या उशिराची भरपाई सुताराने गजाआड बसून का करावी?

रविवारी कल्याण गाठलं. सुताराच्या उजव्या हाताला प्लॅस्टर होतं. "काय तोंडाने फोन उचलू, साहेब?" तो म्हणाला. त्याच्यामागे आमचा दिवाण उभा होता, सहा बाय तीन, नुसता सांगाडा. कायद्यातला 'हेतू' मी प्रथमच डोळ्यांनी पाहिला. पैसे त्याच्याकडे माझे निघत होतेच. ते त्यालाही मान्य होतं. मुदत वाढवून परतलो.

हिने सगळं ऐकलं आणि म्हणाली, "त्याचा सांगाडा तरी आहे! लग्नात तुम्ही पाच वर्षांत ठाण्यात जागा घेऊ म्हणाला होतात."

"म्हणालो तेव्हा मनापासून म्हणालो होतो गं."

"म्हणून तर," ही म्हणाली, "तीस वर्षं दिवाणीतच चालवलंय."