विसर्जनातील चिरंतन

१९८० मध्ये पूर्ण झालेल्या उजनी धरणाच्या जलाशयात भीमाकाठची गावे बुडाली, आणि दुष्काळी उन्हाळ्यात पाणी ओसरले म्हणजेच पळसदेवच्या पळसनाथाचे प्राचीन देवालय पुन्हा दृष्टीस पडते. पाषाणाचीही जेथे ही गत, तेथे कलाकृतीने शाश्वततेचा दावा कशाच्या बळावर करावा? उत्तर करमाळा-माढ्याकडील गोंधळी देतो. धान्याचा चौक भरणारा चित्रकार, संबळाच्या तालावर नाचणारा नर्तक, आख्यान सांगणारा कथेकरी आणि दिवटी पाजळून तुळजाभवानीला पाचारण करणारा उपासक असे चौघे त्याच्या एकाच देहात नांदतात. आणि पहाटे आरती होताच तो चौक उचलला जातो. मालकीचा दस्तऐवज त्याला नको असतो. निर्मिती हे अर्पण असते, आणि अर्पिलेले परत घ्यायचे नसते. विसर्जनास सिद्ध असणाऱ्यालाच खरे सर्जन साधते.