मानाची जागा

सुखी माणूस भांडतो कशासाठी? ज्याला भाकरीची भ्रांत आहे त्याचे भांडण आपल्याला समजते. परंतु ज्याच्या उशाशी समुद्र आहे आणि हाकेसरशी धावणारे नोकर आहेत, त्याच्या मनात रण का पेटावे? माइक व्हाइट यांच्या ‘द व्हाइट लोटस’ या अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेच्या पहिल्या पर्वात (२०२१) हा प्रश्न हवाई बेटांवरील एका आलिशान रिसॉर्टमध्ये उभा राहतो.

शेन हा धनिकपुत्र मधुचंद्रासाठी तेथे उतरतो. मिळालेली खोली उत्तमच असते. मात्र आईने पैसे मोजून राखून ठेवलेली ‘पाइनॅपल स्वीट’ ती नव्हे. व्यवस्थापक आर्मंडने ती दुसऱ्यालाच देऊन टाकली आहे, वर तो चूक मान्य करीत नाही. येथवर शेनची तक्रार न्याय्य आहे, हे आपण विसरू नये. पण पुढे खोली बाजूला राहते आणि समोरच्याने वाकले पाहिजे, एवढाच हट्ट उरतो. आर्मंडही मग इरेला पेटतो. अखेर त्याच खोलीत शेनच्या हातून तो मारला जातो.

अन्नवस्त्रांची इच्छा गरज भागली की शमते, पैशाच्या इच्छेला मात्र अंत नसतो, असा भेद संत थॉमस अक्वायनस यांनी तेराव्या शतकात केला. आम्हांला वाटते, रिसॉर्टमध्ये पैशाचीही ईर्षा मागे पडते. जेवण, पोहणे, सूर्यास्त सर्वांनीच विकत घेतलेला असतो. दुर्मीळ अशी एकच गोष्ट उरते, ती म्हणजे दुसऱ्याच्या वरची जागा. आणि ती एकाला मिळाली की दुसऱ्याची गेलीच. लूकच्या शुभवर्तमानातील (१४:७) पाहुणेदेखील मानाच्या जागा हेरत होते. वास्तविक खालच्या टोकालाही तेच अन्न वाढले जात असावे!

दुसऱ्या पर्वाचे (२०२२) चित्रीकरण सिसिलीतील ज्या हॉटेलात झाले, ते मूळचा डॉमिनिकन मठ, म्हणजे अक्वायनस यांच्याच संघाचे घर. १८९६ पासून तेथे पाहुणे उतरू लागले. दारिद्र्यव्रती गेले, धनवान आले. पण म्हणून मठात हेवा नव्हता असे आम्ही म्हणणार नाही. सेमिनरीच्या भोजनगृहात कोणाची खुर्ची फादर रेक्टरांच्या जवळ, हे आम्हां सर्वांना ठाऊक असे. पर्वातील ईथन आणि कॅमेरॉन हे कॉलेजपासूनचे मित्र. ईथनला जे हवे, तेच कॅमेरॉनला हवेसे होते. माणूस इच्छासुद्धा दुसऱ्याकडून उसनी घेतो, असे फ्रेंच विचारवंत रेने जिरार (१९२३–२०१५) यांचे प्रतिपादन होते. त्याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे कठीण.

मग दोष श्रीमंतांचाच का? आमच्या धर्मग्रामातील कित्येक मुले हॉटेलांत आणि जहाजांवर राबतात. त्यांच्या बाजूने ‘होय’ म्हणण्याचा मोह आम्हांला होतो. मालिका तो होऊ देत नाही. हवाईत बेलिंडा ही स्पामधील कर्मचारी आहे. टान्या ही धनाढ्य पाहुणी तिला स्वतंत्र व्यवसायासाठी भांडवल देण्याची आशा लावते आणि मन फिरताच माघार घेते. तिसऱ्या पर्वात (२०२५) बेलिंडा थायलंडला येते. तेथील सहकारी पोर्नचाई तिच्यासह व्यवसाय उभारण्याची स्वप्ने पाहू लागतो. दरम्यान टान्याच्या पतीच्या गुन्ह्याविषयी मौन पाळण्याचे ५० लाख डॉलर तिच्या हाती पडतात. पोर्नचाईला ती हळुवारपणे नकार देते, जवळजवळ टान्याच्याच शब्दांत, आणि मुलाला घेऊन बेट सोडते.